ओव्हनचा आवाज कधी येतो, ते आधी लिहून काढा

वाचकाचे पत्र : आमचे घर हर्णैला, बंदरापासून हाकेच्या अंतरावर आहे. चार वर्षांपूर्वी घेतलेल्या ४८ लिटरच्या, पंखा असलेल्या ओव्हनमध्ये मी नानखटाई, बिस्किटे आणि रव्याचा केक करून विकते. आषाढ-श्रावणात मागणी नसते म्हणून ओव्हनवर प्लॅस्टिकचे आवरण घालून ठेवले होते. गणपतीच्या ऑर्डरींसाठी मागच्या आठवड्यात तो सुरू केला, तेव्हा पंख्यातून पाच-सात मिनिटे कुंईकुंई असा कर्कश आवाज आला आणि नंतर घरघर चालूच राहिली. तापताना मध्येच धाडकन आवाज होतो, त्याने मी दोनदा दचकले. निवताना टकटक ऐकू येते. प्लग लावल्यावर कधीकधी भिंतीकडून चरचरल्यासारखे वाटते. आमचे हे म्हणतात, भंगारात घाल आणि नवा घेऊ. शेजारच्या वहिनी म्हणतात, पंख्यात दोन थेंब खोबरेल सोड. मी काय करावे?

उत्तर :

सप्रेम नमस्कार.

आपल्या पत्रात चार आवाज आहेत. त्यांपैकी दोन निरुपद्रवी आहेत, एक दुरुस्त करून घेण्याजोगा आहे, आणि चौथा, ज्याचा आपण पत्राच्या शेवटी ओझरता उल्लेख केला आहे, तो आजच्या आज लक्ष घालावे असा आहे. म्हणून मी शेवटून सुरुवात करतो.

भिंतीकडून येणारी चरचर याचा अर्थ असा, की प्लगच्या पितळी पिना आणि सॉकेटच्या आतल्या पट्ट्या एकमेकींना घट्ट टेकत नाहीत आणि मधल्या फटीत बारीक ठिणग्या उडत आहेत. ओव्हनच्या पाठीमागच्या पट्टीवर वॅटचा आकडा छापलेला असतो, तो वाचा. तो २००० असेल, तर २३० व्होल्टवर आपला ओव्हन सुमारे ८.७ अँपिअर प्रवाह घेतो. इतका प्रवाह ६ अँपिअरच्या साध्या सॉकेटमधून, किंवा मिक्सरसोबत एकाच मल्टिप्लगमधून, नेणे धोक्याचे आहे. त्याला जाड पिनांचे १६ अँपिअरचे सॉकेटच हवे. बटण बंद करून प्लग काढा आणि पिना उजेडात धरून पाहा. त्यांच्यावर तपकिरी किंवा काळा डाग असेल, प्लॅस्टिक कोठे फुगलेले वा वितळलेले असेल, किंवा पितळेवर हिरवट पूड चढलेली असेल, तर पिना पॉलिश पेपरने घासून चमकवण्यावर समाधान मानू नका, कारण दोषाचा मोठा भाग सॉकेटच्या आत सैल पडलेल्या पट्ट्यांत असतो आणि तो बाहेरून दिसत नाही. वायरमनला बोलावून सॉकेट आणि लागल्यास प्लगही बदलून घ्या, त्याच खेपेस अर्थिंग तपासून घ्या, आणि तोवर ओव्हन सुरू करू नका. गणपती तोंडावर आले आहेत हे मी जाणतो, तरीही हे काम पहिले करावे असा माझा आग्रह आहे.

आता ओव्हनच्या स्वतःच्या आवाजांकडे येऊ. घरगुती उपकरणे दुरुस्त करताना माझ्या वारंवार अनुभवास आले आहे, की आवाज किती मोठा आहे यावरून दोष ठरवणारी माणसे बहुधा फसतात. धाडकन होणाऱ्या आवाजाने छातीत धस्स होते, पण त्यात काही बिघडलेले नसते. प्लगची चरचर मात्र जेमतेम ऐकू येते आणि तीच घराला आग लावू शकते. आवाज कधी सुरू होतो, कधी थांबतो आणि कशाबरोबर बदलतो, याची नोंद केली, तर तो कोठून येतो हे पुष्कळदा एकही स्क्रू न काढता कळते. म्हणून सॉकेटचे काम झाल्यावर एक कागद आणि घड्याळ घेऊन ओव्हनपाशी अर्धा तास बसा. आतले सगळे ट्रे आणि जाळ्या बाहेर काढा, ओव्हनवर ठेवलेले डबे उतरवा, आणि रिकामा ओव्हन पहिली १० मिनिटे पंखा न लागणाऱ्या मोडवर, म्हणजे नुसत्या वरच्या आणि खालच्या रॉडवर, १६० अंशांना चालवा. त्यानंतर तापमान तेच ठेवून पंख्याच्या मोडवर घ्या. शेवटी ओव्हन निवू द्या आणि पुन्हा एकेक ट्रे घालून पाहा. प्रत्येक आवाजापुढे मिनिटे लिहा. पुढे मेकॅनिकला बोलवावे लागले, तर हा कागद त्याच्या हाती द्या. ‘आवाज येतो’ एवढेच ऐकण्यापेक्षा त्याचे काम त्याने पुष्कळ सोपे होईल.

रिकाम्या ओव्हनमध्ये धाडकन आवाज झाला नाही आणि ट्रे घातल्यावर झाला, तर तो ट्रेचा आहे. आपल्याकडे पत्र्याचे छप्पर असलेल्या घरात राहिलेल्या कोणालाही हा आवाज नवा नाही. सकाळी ऊन चढले की पत्रे तडतडतात आणि संध्याकाळी ऊन उतरले की पुन्हा तडतडतात, कारण तापलेले लोखंड वाढते, निवलेले आक्रसते आणि खिळ्यांनी धरून ठेवलेल्या जागी अडते. ओव्हनमध्ये हेच घडते. ४० सेंटिमीटर लांबीचा पोलादी ट्रे ३० अंशांवरून १८० अंशांपर्यंत तापला की सुमारे पाऊण मिलिमीटर वाढतो. एवढीशी वाढ सगळीकडे सारखी झाली तर कळतही नाही. पण कडा आधी तापल्या आणि पिठाच्या थंडगार गोळ्यांखालचा मधला भाग मागे राहिला, तर पातळ पत्रा ताण सहन करतो, करतो आणि एका क्षणी फटकन पीळ खातो. निवल्यावर तो पुन्हा मूळ आकारात येतो, तेव्हा तसाच दुसरा आवाज होऊ शकतो. नानखटाईला यामुळे काही होत नाही. केकचे पातळ मिश्रण मात्र एका बाजूला कलंडू शकते. फ्रिजमधून काढलेला ट्रे तडक तापल्या ओव्हनमध्ये सारू नये, गोळे सगळ्या ट्रेभर सारख्या अंतरावर मांडावेत आणि पुढच्या वेळी थोडा जाड पत्र्याचा ट्रे घ्यावा, एवढे पुरे. निवतानाची टकटक हीसुद्धा याच जातीची आहे, तिची काळजी सोडून द्या.

याच नोंदीत आपल्याला आणखी एक बारीक ‘टिक्’ सापडेल. दर काही मिनिटांनी तो ऐकू येतो आणि त्याबरोबर रॉडची लाली कमी-जास्त होते. तो थर्मोस्टॅट आहे. ठरवलेले तापमान आले की तो रॉडचा प्रवाह तोडतो आणि उतरले की जोडतो. एका सेकंदात तीन-चारदा कटकटकट असा आवाज येत असेल, तर मात्र आतले संपर्क झिजले आहेत असे समजून तो बदलून घ्यावा. टायमरची टिकटिक घड्याळासारखी असते, कारण पुष्कळ ओव्हनांत त्याच्या आत चावीचे यंत्रच असते.

आता पंखा. आपल्या ओव्हनमधला खरा प्रश्न येथे आहे. पंख्याचे पाते ओव्हनच्या पोकळीत, जाळीदार झाकणाआड असते. त्याचा शाफ्ट, म्हणजे फिरणारा दांडा, भिंतीतून आरपार जातो आणि मोटर भिंतीपलीकडे, बाहेरच्या पत्र्याच्या आत बसवलेली असते. पुष्कळ मोटरांच्या शाफ्टवर मोटर थंड ठेवण्यासाठी बाहेरच्या बाजूला आणखी एक लहान पाते असते. शाफ्ट ज्या दोन टेकूंवर फिरतो, त्यांना बुश म्हणतात. अशा लहान मोटरांत हे बुश बहुधा सच्छिद्र काशाचे असतात आणि त्या छिद्रांत मुरलेल्या तेलावर वर्षानुवर्षे चालतात. उष्णतेने ते तेल हळूहळू आटते किंवा घट्ट होते. मग थंड असताना सुरू केले की शाफ्ट कोरडा घासून कुंईकुंई करतो आणि जरा तापल्यावर तो कर्कश आवाज बसतो. आपण सांगितलेली पाच-सात मिनिटांची वेळ याच्याशी जुळते. नंतर उरणारी घरघर बुश झिजल्यामुळे असू शकते, पण तिची दुसरीही कारणे आहेत आणि ती स्वस्तातली आहेत, म्हणून ती आधी तपासावीत.

प्लग काढा, नुसते बटण बंद करून थांबू नका, आणि ओव्हन पूर्ण निवू द्या. टॉर्चच्या उजेडात जाळीकडे पाहा. बटर पेपर वापरत असाल, तर त्याचा ट्रेबाहेर आलेला कोपरा पंख्याच्या वाऱ्याने उचलला जाऊन जाळीवर फडफडतो आणि तो आवाज हुबेहूब बिघडलेल्या मोटरीसारखा वाटतो. कागद ट्रेच्या मापाचा कापला आणि कोपऱ्यांवर एकेक गोळा ठेवला की तो थांबतो. फॉइलचा तुकडा जाळीत अडकून पात्याला लागत असेल, तर धातूवर धातू घासल्याचा किणकिण आवाज येतो. जाळीचे स्क्रू सैल असतील, तर ती स्वतःच थरथरते. हे काहीच नसेल, तर स्क्रू काढून जाळी उतरवा आणि पाते बोटाने हलकेच फिरवा. निरोगी पाते एका टिचकीसरशी काही फेरे घेते आणि अलगद थांबते. ते खरखरत फिरले किंवा एकदम अडले, तर बुशचा दोष. शाफ्ट आत-बाहेर किंचित सरकत असेल तर चालते; पण तो वर-खाली वा डावी-उजवीकडे हलत असेल, तर बुश झिजलेला आहे आणि तेथे तेलाचा उपयोग नाही.

पाते मधल्या नटवर धरलेले असते आणि तो सैल झाला तरी घरघर होते. येथे एक सावधगिरी सांगतो. पुष्कळ ओव्हनांत या नटचे आटे उलटे असतात, म्हणजे आपण ज्या दिशेने सोडवायला जातो त्या दिशेने तो आवळला जातो. नेहमीच्या सवयीने पान्यावर जोर लावून शाफ्ट वाकवून बसलेली माणसे मी पाहिली आहेत. नट सहज हलला नाही, तर हात काढून घ्या.

पात्यावरचा गंज आपल्याकडे विशेष पाहावा लागतो. समुद्राच्या वाऱ्याबरोबर मिठाचे बारीक कण घरात येतात आणि प्रत्येक थंड पत्र्यावर बसतात. हवेतली आर्द्रता सुमारे ७५ टक्क्यांच्या वर गेली की मीठ हवेतले पाणी ओढून स्वतः विरघळते, आणि किनाऱ्यावर पावसाळ्याचे कितीतरी दिवस आर्द्रता त्याहून खाली येत नाही. म्हणजे आपला ओव्हन दोन महिने प्लॅस्टिकखाली कोरडा ठेवला आहे असे आपल्याला वाटत होते, तेव्हा त्याच्या पत्र्यावर खारट पाण्याचा न दिसणारा थर होता आणि आवरणामुळे तो सुकण्याची वाटही बंद झाली होती. अशा पात्याच्या एका पाकळीवर गंजाची पापडी धरली, की पाते असमतोल होते आणि मिनिटाला शेकडो फेऱ्यांत तो असमतोल घरघर बनून बाहेर येतो. पापडी दिसली, तर कोरड्या ब्रशने सगळ्या पाकळ्या सारख्याच हाताने साफ करा, ओल्या फडक्याने पुसून लगेच कोरड्या करा. पाकळी वाकवून सरळ करण्याच्या फंदात पडू नका. गंजाने पत्रा खाल्ला असेल, तर पाते नवे बसवणे हेच योग्य.

एक आठवण येथे उपयोगाची आहे. एका घरी असाच खडखडणारा ओव्हन होता आणि मोटर गेली असे सगळ्यांनी ठरवून टाकले होते. मागचा पत्रा उतरवला, तेव्हा हवा जाण्याच्या फटीतून शिरून कुंभारणीने, म्हणजे मातीचे घरटे करणाऱ्या माशीने, मोटरीच्या अंगालाच मातीचे घर बांधलेले दिसले. बाहेरचे लहान पाते त्या सुकलेल्या मातीला घासून तिच्यात अर्धगोल खाच पाडत होते. माती काढली आणि ओव्हन शांत झाला. पावसाळ्यात बंद राहिलेल्या ओव्हनच्या बाबतीत ही शक्यता मेकॅनिकला जरूर सांगा, पण मागचा पत्रा आपण स्वतः उघडू नका. तेथे विजेची उघडी टोके असतात. ज्यांच्याकडे कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह आहे, त्यांच्यासाठी तर हे अधिकच कळकळीने सांगतो, कारण त्याच्या कपॅसिटरमध्ये, म्हणजे वीज साठवणाऱ्या भागात, प्लग काढल्यावरही विजेचा जीवघेणा दाब शिल्लक राहू शकतो. त्या यंत्रांत आणि भिंतीत बसवलेल्या मोठ्या ओव्हनांत स्वयंपाक झाल्यावरही थंड करणारा पंखा काही वेळ गुणगुणत राहतो, तो बिघाड नव्हे. तो थांबेपर्यंत मुख्य बटण बंद करू नये.

खोबरेलाबद्दल वहिनींचा हेतू चांगला आहे, पण कृपा करून ते सोडू नका. खोबरेल स्वयंपाकाचे तेल आहे. ओव्हनच्या भिंतीजवळच्या तापमानाला ते धुरावते, हळूहळू चिकट होते आणि बुशच्या छिद्रांत लाखेसारखे बसून शाफ्टच जखडते. शिवाय आतल्या बाजूने सोडलेले तेल बुशपर्यंत पोहोचतच नाही. ते पात्यावर उडते आणि नानखटाईला करपट वास लागतो. गंज सोडवणारा फवाराही तेथे मारू नये, कारण तो ज्वलनशील असतो आणि बुशमधले उरलेसुरले तेल धुऊन काढतो. मोटर उतरवून, जुना चिकटा साफ करून, उच्च तापमानाला टिकणारे तेल देणे हे मेकॅनिकचे काम आहे आणि बुश झिजला नसेल तर त्याने ओव्हन आणखी काही काळ चांगला चालतो. बुश झिजला असेल, तर मोटर बदला. मोटर सुटी मिळते. त्यासाठी ओव्हनच्या पट्टीवरचा मॉडेल क्रमांक आणि शक्य तर जुन्या मोटरीचा फोटो दुकानदाराला पाठवावा, म्हणजे शाफ्टची लांबी चुकत नाही.

आणखी एक कारण तपासून पाहा. संध्याकाळी दिवे मंद होतात त्याच वेळी पंखा जड आवाजाने भणभणत असेल आणि सकाळी नसेल, तर दोष विजेच्या दाबात आहे. दाब २३० वरून १९० व्होल्टवर उतरला, तर रॉडची उष्णता निम्म्याने नसली तरी जवळजवळ एक तृतीयांशाने घटते. त्या दिवशी बिस्किटांना रंग चढायला उशीर लागला होता का, हे आठवून पाहा.

आपल्या यजमानांचा प्रश्न रास्त आहे. चार वर्षांच्या ओव्हनचे रॉड, दार आणि थर्मोस्टॅट ठीक असतील, तर पंख्याच्या मोटरीपायी तो भंगारात घालणे मला पटत नाही. मात्र आतल्या पत्र्याला गंजाने भोके पडली असतील, दार नीट बसत नसेल किंवा ओव्हन लावताच घरातला आरसीसीबी (प्रवाह झिरपला की वीज तोडणारा स्विच) पडत असेल, तर आधी त्याची तपासणी करून घ्या आणि दुरुस्ती नव्या ओव्हनच्या निम्म्या किमतीपलीकडे जात असेल तर यजमानांचे ऐका. आरसीसीबी पडण्याचे एक कारण असेही असते, की रॉडच्या आत भरलेली मॅग्नेशियम ऑक्साइडची पूड पावसाळ्यात ओल धरते आणि प्रवाह झिरपतो. म्हणून आरसीसीबी पुनःपुन्हा वर करून ओव्हन रेटत राहू नये.

पुढच्या पावसाळ्यात प्लॅस्टिकऐवजी जुन्या सुती साडीचे आवरण घाला, ओव्हन समुद्राकडच्या खिडकीपासून आणि जांभ्याच्या ओल्या भिंतीपासून वीतभर दूर ठेवा, आणि मागणी असो वा नसो, आठवड्यातून एकदा पंख्यासह १०० अंशांवर १५ मिनिटे चालवून, बंद केल्यावर निवेपर्यंत दार किंचित उघडे राहू द्या. बुशमधले तेल हलते राहते आणि रॉडची ओलही सुकते.

राहिला गणपतीच्या ऑर्डरींचा प्रश्न. सॉकेट बदलून झाले आणि मोटर यायला वेळ लागणार असेल, तर पंखा न लागणाऱ्या मोडवर भाजा. आपल्याला आजवर ते जमत नव्हते असे नाही. पंख्यासह ज्या तापमानाला भाजत होता, त्यापेक्षा सुमारे २० अंश वाढवा, ओव्हन पूर्ण तापू द्या, एका वेळी एकच ट्रे मधल्या खणात ठेवा आणि निम्म्या वेळाला तो उलट दिशेने फिरवून ठेवा, कारण वारा नसला की दाराकडची रांग मागे राहते. पहिला घाणा सहाच नानखटायांचा घाला, कोणती जागा आधी लाल होते ते पाहा, आणि मग ऑर्डरीचे पीठ मळायला घ्या.